झिरो माईल ते हिंगणघाट: नकाशेबाबाच्या मागावर एक रविवार

माझ्या भाचीच्या दोनशे पानी वहीत एक अख्खा मुलूख आहे. तिथल्या डोंगरांना नावं आहेत, नद्यांना स्वभाव आहेत. या मुलखाचा नकाशा काढणारा नकाशेबाबा तिचा सगळ्यात लाडका. तो जन्मभर चालत राहिला आणि नकाशा पुरा व्हायच्या आत वाटेतच गेला. डिसेंबरात एका संध्याकाळी तिची गोष्ट अडली. "मामा, पूलच नाही तर नदीची रुंदी त्यानं मोजली कशी?"

मला लॅम्बटन आठवला. विल्यम लॅम्बटन, भारताच्या त्रिकोणमापनाचा, म्हणजे त्रिकोण मांडून देश मोजण्याच्या कामाचा आरंभ करणारा. तो हैदराबादहून नागपूरला येत होता, पण २० जानेवारी १८२३ ला वाटेत हिंगणघाटला वारला. तिथेच त्याची कबर आहे. रविवारी आम्ही मामा-भाची निघालो.

पहिला मुक्काम नागपूरच्या सिव्हिल लाइन्समधला झिरो माईलचा दगडी खांब. मेट्रोने या, स्टेशनचं नावच झिरो माईल फ्रीडम पार्क आहे. सकाळी सातला पोचलात तर गर्दी नसते आणि दगडावरची अक्षरं तिरप्या उन्हात नीट वाचता येतात. बहुतेक लोक तिथल्या चार घोड्यांच्या पुतळ्यांसमोर फोटो काढून निघून जातात. तुम्ही थांबा आणि 'जीटीएस' ही अक्षरं शोधा. ग्रेट ट्रिगोनोमेट्रिकल सर्व्हे, लॅम्बटनच्या कामाला १८१८ मध्ये मिळालेलं नाव. हे ठिकाण १९०७ चं, म्हणजे त्याच्यानंतर ८४ वर्षांनी उभारलेलं. आपण नागपूरकर याला देशाचा मध्यबिंदू म्हणत मोठे झालो, पण हा उंची मोजण्यासाठीचा पक्का संदर्भबिंदू आहे. समुद्रसपाटीपासून १०२०.१७१ फूट. फुटाच्या हजाराव्या भागापर्यंत उंची पक्की करणारी माणसं इथे येऊन गेली, याचं मला मध्यबिंदूपेक्षा जास्त अप्रूप वाटतं.

तिथून तर्री-पोहे खाऊन कस्तुरचंद पार्क. मैदानात कार्यक्रम नाही ना, एवढं आधी बघा. सामान साधंच: तीस मीटरचा टेप, मोठा कोनमापक, त्यावर टाचणीने बसवलेली एक स्ट्रॉ, आलेख कागद. आणि दुसरं माणूस, कारण टेपचं दुसरं टोक कोणीतरी धरावंच लागतं. आम्ही ३० मीटरची सरळ रेघ मोजली. एका टोकावरून मैदानामधली छत्री, म्हणजे तिथला मंडप, बरोबर काटकोनात दिसेल असं उभं राहिलो. दुसऱ्या टोकावरून स्ट्रॉतून बघितलं, तर कोन ६८ अंश. कागदावर पाच मीटरला एक सेंटिमीटर धरून त्रिकोण काढला. छत्री ७४ मीटरवर आली. मग टेप लावून खरं अंतर मोजलं: ७८.

चार मीटर कुठे गेले? भाची हिरमुसली. पुन्हा डोळा लावला तेव्हा कोन ६९ निघाला. एका अंशात चार मीटर! तेव्हा तिला सांगितलं की म्हणूनच लॅम्बटन अर्धा टन वजनाचा थिओडोलाइट, म्हणजे कोन मोजायचं यंत्र, दक्षिणभर वागवत होता. १८०२ मध्ये त्याने मद्रासजवळ साडेसात मैलांची पहिली रेघ साखळीने मोजली. त्या एका रेघेला ५७ दिवस लागले. पुढचं बहुतेक काम कोनांनी, एका त्रिकोणाच्या खांद्यावर दुसरा त्रिकोण. १८०८ मध्ये तंजावरच्या गोपुरावर चढवताना दोर तुटला, यंत्र भिंतीवर आदळलं, त्याचं कोन वाचायचं वर्तुळ वाकडं झालं. लॅम्बटनने स्वतः बसून सहा आठवड्यांत ते सरळ केलं. हे ऐकल्यावर भाचीने काही न बोलता स्ट्रॉची टाचणी काढून पुन्हा घट्ट बसवली.

हिंगणघाट नागपूरहून साधारण ऐंशी किलोमीटर. बुटीबोरी, जांब करत एसटीने जा, किंवा बल्लारशा लाइनची गाडी धरा. सगळ्या गाड्या तिथे थांबत नाहीत, तेवढं बघून तिकीट काढा. नोव्हेंबर ते फेब्रुवारीतच जा. मे महिन्यातलं आपलं ऊन लहान मुलांना सोसणार नाही.

आम्ही उशिरा निघालो ही चूक झाली. शिवाय स्टँडवर "लॅम्बटनची कबर" विचारत बसलो, अर्धा तास गेला. मग "इंग्रजाची जुनी कबर" म्हटल्यावर एका म्हाताऱ्या काकांनी वाट सांगितली. असंच विचारा आणि दिवसाउजेडी विचारा.

कबरीपाशी भाची बराच वेळ उभी होती. "मग याचा नकाशा कोणी पुरा केला?" जॉर्ज एव्हरेस्ट, मी म्हटलं. १८१८ पासून याचाच मदतनीस. त्याने ही त्रिकोणांची माळ १८४१ पर्यंत पार डेहराडूनपर्यंत नेली.

ऊन उतरायच्या आत वणा नदीवर गेलो. पाण्याच्या अगदी काठावर मुलांना एकटं सोडू नका, माती निसरडी असते. पलीकडची एक बाभूळ धरली, अलीकडे वीस मीटरची रेघ मोजली. या वेळी तिने प्रत्येक कोन तीनदा घेतला, तिन्ही आकडे वहीत लिहिले आणि मला टेपचं टोक सोडू दिलं नाही.