बॉल की फाउल?

कॉक्लिअर इम्प्लांटची, म्हणजे आतल्या कानात बसवायच्या विजेच्या श्रवणयंत्राची, शस्त्रक्रिया झाली की दुसऱ्या दिवसापासून माणूस ऐकायला लागतो, असा समज घेऊन पेशंटचे नातेवाईक माझ्याकडे येतात. तसं होत नाही. जखम भरायला वेळ द्यावा लागतो, मग आम्ही कानामागचा प्रोसेसर पहिल्यांदा चालू करतो, आणि त्या क्षणी जे ऐकू येतं ते बहुतेक मोठ्या माणसांना बोलण्यासारखं वाटतच नाही. शिट्या, टिकटिक, कार्टूनमधल्या पात्रांसारखे चिरके आवाज. कानातल्या हजारो सूक्ष्म पेशींचं काम आता १२ ते २२ इलेक्ट्रोडना करायचं असतं. त्या विजेच्या झिणझिण्यांचा अर्थ लावायला मेंदू शिकतो, नक्की शिकतो, पण त्याला काही महिने लागतात आणि रोजचा सराव लागतो. माझे निम्मे कष्ट पेशंटला सरावाला बसवण्यात जातात.

मी अमेरिकेत, सेंट लुईसमध्ये ऑडिओलॉजिस्ट, म्हणजे श्रवणतज्ज्ञ आहे. शिक्षणाची सुरुवात मुंबईत, वांद्र्याच्या अली यावर जंग संस्थेत झाली. ज्यांच्याबद्दल लिहिते आहे त्यांची परवानगी घेतली आहे. ओळख पटेल असं काही लिहीत नाही, त्यांना नुसतं काका म्हणते. सत्तरी ओलांडलेले, बाटल्या भरण्याच्या कारखान्यात आयुष्य गेलेलं, दोन्ही कान त्या खणखणाटात हळूहळू गेले. उजव्या कानात इम्प्लांट बसवलं होतं. डाव्या कानात जुनं श्रवणयंत्र, त्याचा उपयोग नावापुरता.

सरावाच्या बाबतीत काका म्हणजे माझी हार होती. शब्दांच्या याद्या दिल्या, त्या कोऱ्या परत आल्या. लहान मुलांची ध्वनिपुस्तकं सुचवली, तर म्हणाले, "डॉक, मी नातवंडांची पुस्तकं ऐकत बसणार नाही." त्यांचा राग मला समजत होता. ज्या माणसाने चाळीस वर्षं यंत्रं सांभाळली, त्याला "बॅट, कॅट, मॅट" म्हणायला लावणं अपमानाचंच आहे.

तो दिवस बुधवार होता. बेसबॉलमध्ये एका गावी सलग दोन-चार दिवस तेच दोन संघ खेळतात आणि शेवटचा सामना पुष्कळदा दुपारी ठेवतात, म्हणजे पाहुण्या संघाला संध्याकाळी पुढच्या गावी निघता येतं. आमच्या कार्डिनल्सचा असाच दुपारी सव्वाबाराचा सामना होता आणि काकांची वेळ एकची. आल्या आल्या म्हणाले, "आज लवकर सोडा."

"सामना ऐकता तुम्ही?"

"ऐकत नाही. ऐकायचो. आता फोनवर आकडे बघतो."

मग काकूंनी पर्समधून एक छोटा ट्रान्झिस्टर काढून माझ्या टेबलावर ठेवला. वर्षानुवर्षं बंद पडून होता, त्यांनी त्या सकाळी नव्या बॅटऱ्या घातल्या होत्या. "हा ऐकवून बघाल का त्याला?" एवढंच म्हणाल्या.

सेंट लुईसच्या माणसाला या डब्याचं काय मोल आहे, ते इथे राहिल्याशिवाय कळत नाही. १९५५ मध्ये कॅन्सस सिटीला संघ आला, तोपर्यंत मोठ्या लीगमधलं सर्वांत पश्चिमेचं गाव हेच होतं. त्यापलीकडच्या शेतावाड्यांना, खाणवस्त्यांना बेसबॉल म्हणजे कार्डिनल्सच. त्यांचे सामने ऐकवणारं केएमओएक्स हे ११२० किलोहर्ट्झचं, ५०,००० वॅटचं एएम स्टेशन. सूर्य मावळला की वातावरणातला लहरी शोषून घेणारा खालचा थर विरतो, मग एएमच्या लहरी आणखी वरच्या थरावर आपटून शेकडो मैलांवर उतरतात. दक्षिण इलिनॉयच्या एका लहान गावात काका वाढले. हॅरी कॅरे आणि जॅक बक या कॉमेंटेटरांच्या आवाजात, रात्री पांघरुणात रेडिओ घेऊन. १९६४ ची वर्ल्ड सिरीज, म्हणजे लीगची अंतिम मालिका, यँकीजविरुद्ध सातव्या सामन्यापर्यंत गेलेली, तीही त्यांनी रेडिओवरच ऐकलेली, फक्त दिवसा.

माझ्या वडिलांनी बाळ ज. पंडितांची मराठी क्रिकेट कॉमेंट्री अशीच कानाशी धरून ऐकली आहे. त्यामुळे त्या डब्याकडे बघताच मला वाटलं, सरावाची यादी कशाला हवी, ही काय टेबलावर आहे.

ट्रान्झिस्टर लावला आणि निव्वळ खरखर. आमचं क्लिनिक लोखंड आणि काँक्रीटचं, त्यात एलईडी दिवे, संगणक, चार्जर. या सगळ्यांचा उपद्रव एएमला होतो. एएम रेडिओच्या पोटात फेराइटची कांडी असते आणि ती दिशा ओळखते, म्हणून सेट फिरवत फिरवत खिडकीशी नेला. मला कॉमेंट्री समजायला लागली. काका मान हलवत राहिले. "पाणी उकळतंय असं वाटतं," म्हणाले. त्यात नवल नव्हतं. साधे एएम सेट चार-पाच हजार हर्ट्झच्या वरचं फारसं काही देतच नाहीत, आणि स, फ, ट यांसारख्या व्यंजनांची ओळख बरीचशी त्या वरच्या पट्ट्यात असते. शिवाय तो तुटपुंजा आवाज खोली ओलांडून प्रोसेसरच्या मायक्रोफोनपर्यंत पोचणार.

काकूंच्या फोनवर मुलाने एमएलबीचं, म्हणजे त्या मोठ्या लीगचं अ‍ॅप टाकून दिलं होतं, आवाजाची वर्गणीही भरून. इंटरनेटवरून बेसबॉल ऐकायचं तर हा सरळ रस्ता आहे. नेटवरच्या प्रक्षेपणाचे हक्क लीगकडे असतात, त्यामुळे कित्येक वर्षं रेडिओ स्टेशनांच्या स्वतःच्या वेबसाइटवर सामन्याच्या वेळी भलताच कार्यक्रम लागायचा आणि लोक गोंधळायचे. अ‍ॅपवर दोन्ही संघांची रेडिओ कॉमेंट्री मिळते, पुष्कळदा स्पॅनिशही. चित्राच्या वर्गणीत स्थानिक संघाचे सामने अडवले जातात, आवाजाला ती अडकाठी नसते, आणि पैसेही चित्राच्या मानाने फार थोडे. गाडीत उपग्रह रेडिओ घेतलेले लोक सिरियसएक्सएमवर ऐकतात. आम्हाला मात्र फोनच हवा होता, कारण फोनचा आवाज ब्लूटूथने थेट प्रोसेसरमध्ये सोडता येतो. मधली हवा, खोली, पंख्याचा आवाज, सगळं गळतं. मी मायक्रोफोन पूर्ण बंद केला, डावं श्रवणयंत्र काढून ठेवायला सांगितलं आणि तिसऱ्या इनिंगला, म्हणजे नऊ डावांपैकी तिसऱ्या डावाला सामना लावला.

खोलीत शांतता. ऐकत होते ते फक्त काका. आम्हाला दोघींना काहीही ऐकू येत नव्हतं.

आणि इथे मला जे सुचलं ते त्या दिवसाचं खरं फळ. माझ्या फोनवर त्याच अ‍ॅपचा गेमडे लावला होता, त्यात एकेका पिचची, म्हणजे फेकलेल्या चेंडूची नोंद अक्षरांत येते. नेटवरचा आवाज मैदानातल्या घटनेच्या बराच मागे असतो, अर्धं मिनिट किंवा त्याहून जास्त. ती अक्षरं त्याच्या आधी पोचतात. म्हणजे बॉल, स्ट्राइक की फाउल, हे काकांच्या कानात पडण्यापूर्वी माझ्या हातात लिहून आलेलं! उत्तरपत्रिका माझ्याकडे, प्रश्न त्यांच्या कानात. याहून चांगली चाचणी मला प्रयोगशाळेत बसून रचता आली नसती.

ज्यांना हा खेळ माहीत नाही त्यांच्यासाठी थोडं. पिचरने फेकलेला चेंडू बॅटरच्या समोरच्या ठरावीक चौकटीतून गेला, किंवा बॅटरने बॅट फिरवली आणि हुकला, तर स्ट्राइक. चौकटीबाहेर गेला आणि बॅटरने सोडला तर बॉल. बॅटला लागून रेषेबाहेर गेला तर फाउल, आणि दोन स्ट्राइक होईपर्यंत तोही स्ट्राइकच धरतात. तीन स्ट्राइक म्हणजे बाद, चार बॉल म्हणजे फुकट पहिला बेस, धावेच्या वाटेवरचा पहिला टप्पा. दर पिचनंतर कॉमेंटेटर मोजणी सांगतो, आधी बॉल मग स्ट्राइक: दोन-एक, तीन-दोन. अशा मोजण्या बाराच होऊ शकतात. मग थोडी उसंत, २०२३ पासून पिच क्लॉक, म्हणजे दोन पिचमधला वेळ मोजणारं घड्याळ आल्यामुळे तीही बेताची. लहान वाक्य, उसंत, पुन्हा लहान वाक्य. रेडिओचा कॉमेंटेटर न दिसणाऱ्या माणसासाठी बोलतो, म्हणून एकच गोष्ट पुन्हा पुन्हा सांगतो. ब्रुकलिनचे जुने कॉमेंटेटर रेड बार्बर तर समोर तीन मिनिटांचं वाळूचं घड्याळ ठेवायचे, स्कोअर सांगायचा राहू नये म्हणून. नव्याने ऐकणाऱ्याला नेमकं हेच लागतं. पुढे काय येऊ शकतं याच्या मोजक्या शक्यता त्याला आधीच ठाऊक असतात.

काकांना म्हटलं, "दर पिचला काय झालं ते सांगा."

पहिली काही उत्तरं अंदाजाची होती. पण स्ट्राइक ते हमखास पकडत होते, आणि चेंडू बॅटवर बसल्याचा टाक आवाज तर पक्का. इम्प्लांटला वेळ आणि ठेका चांगला कळतो, सूर कळत नाही. मैदानावरचा ऑर्गन वाजला की ते तोंड वाकडं करायचे. आवाजही वेगवेगळे ओळखता येत नव्हते. कार्डिनल्सचे रेडिओ कॉमेंटेटर माइक शॅनन ५० हंगामांनंतर २०२१ मध्ये निवृत्त झाल्याचं त्यांना ठाऊक होतं. "पण आता शॅनन बोलला काय आणि दुसरा कुणी बोलला काय, मला सगळे एकसारखेच," असं म्हणाले. ते मला लागलं.

मग एक गोष्ट लक्षात आली. काका चुकत होते ते बहुतेक एकाच जागी: बॉल आणि फाउल यांत. आणि चूक झाली की स्वतःच दुरुस्त करत होते. "बॉल. नाही, थांबा, एक-दोन म्हणाला, म्हणजे फाउल होता." बॉलने डावा आकडा वाढतो, फाउलने, दोन होईपर्यंत, स्ट्राइकचा. कानाने जे निसटत होतं ते मोजणीवरून पकडत होते. उत्तम ऐकणारी माणसं रोज हेच करतात, फक्त त्यांना ते जाणवत नाही.

पण फ का निसटतोय? फ फार दुबळं व्यंजन आहे, नुसती हवा, आणि तीही वरच्या पट्ट्यात. मी आवाज थांबवला, प्रोसेसर संगणकाला जोडला आणि वरच्या पट्ट्याच्या इलेक्ट्रोडची पातळी तपासली. सुरुवातीला सगळं कर्कश लागतं म्हणून मागच्या भेटीत तिथे थोडा हात राखला होता. आता काकांना विचारत विचारत ती जराजरा वाढवली. शब्दांच्या याद्यांवर हे मला कळलं असतं, पण याद्या ते करत नव्हते.

सहाव्या इनिंगला पुन्हा सामना लावला. माझ्या फोनवर अक्षरं आली: फाउल. मी वाट बघत होते. काका म्हणाले, "फाउल. तिसऱ्या बेसच्या डगआउटमध्ये गेला."

माझ्याकडे डगआउट, म्हणजे खेळाडूंची मैदानाकडेची बसायची जागा, असं काही नव्हतं. गेमडेमध्ये नुसतं फाउल लिहिलं होतं. काकूंनी माझ्याकडे बघितलं, मी त्यांच्याकडे. जे उत्तरपत्रिकेत नव्हतं ते काकांनी सांगितलं होतं. मोजणीवरून फाउल ओळखता येतो, डगआउट ओळखता येत नाही. ते ऐकावंच लागतं.

वर्गणीदारांना जुने सामने पुन्हा ऐकता येतात. मी रात्री घरी स्वतःची वर्गणी भरली आणि सहावी इनिंग शोधून ऐकली. तिसऱ्या बेसचा डगआउट. अगदी तेच शब्द, आणि मागे गर्दीचा केवढा तरी गलका.

त्यानंतर काकांचा सराव असाच ठरला. रोज एक सामना, पहिल्या तीन इनिंग नुसता थेट आवाज, पुढे थोडा मायक्रोफोन मिसळायचा, म्हणजे घरातल्या आवाजातही ऐकायची सवय होईल. गेमडे काकूंच्या हातात. एएम मी मुद्दाम शेवटी ठेवला, कारण तो सर्वांत अवघड. हंगाम संपत आला तेव्हा ते ओसरीवर बसून त्या ट्रान्झिस्टरवर ऐकायला लागले होते. टीव्हीचा आवाज बंद करून रेडिओ ऐकायची इथे जुनी रीत आहे, पण एएम जवळजवळ ताबडतोब पोचतो आणि हल्लीचं चित्र मागून येतं, त्यामुळे त्यांनी टीव्हीच बंद केला. डिजिटल जोड असलेली स्टेशनं एरवी साधा आवाजही काही सेकंद अडवून ठेवतात, दोन्हींचा मेळ बसावा म्हणून. सामन्याच्या वेळी मात्र ती अडवणूक काढतात, कारण मैदानात रेडिओ घेऊन बसलेल्यांच्या डोळ्याशी कान जुळायला हवा.

टेलिफोन ही पुढची पायरी होती, आणि इम्प्लांटच्या पेशंटला ती नेहमीच जड जाते. समोरचा काय बोलणार हे ठाऊक नसतं, ओठ दिसत नाहीत. त्यांचा मुलगा ओरेगनमध्ये आहे. मी सुचवलं, त्याने तिकडे अ‍ॅपवर सामना लावावा आणि सातव्या इनिंगला फोन करावा. विषय ठरलेला, शब्द ओळखीचे.

पुढच्या भेटीला काका फार खुशीत होते. मुलगा तिकडे अर्धा-पाऊण मिनिट मागे असतो, आणि होमरन झाला की हे इकडून त्याला आधीच सांगून टाकतात. "तो ओरडतो माझ्यावर," म्हणाले, "आणि काय ओरडतो ते सगळं ऐकू येतं."