आमची वाटचाल: कचऱ्यातलं पाणी ओळखताना

आमच्या फर्मचं काम सुरू झालं ते सुक्या कचऱ्यापासून. सोसायट्यांमधून कागद, पुठ्ठा, बाटल्या उचलायच्या, वर्गवारी करायची आणि रद्दीच्या ठोक व्यापाऱ्याकडे पोचवायच्या. या धंद्यात पहिल्यांदा कळतं ते हे की मालाचा भाव ओलाव्यावर ठरतो. भिजलेल्या पुठ्ठ्याचे तंतू कमजोर होतात, त्यावर बुरशी चढते आणि व्यापारी वजनात कट लावतो, नाहीतर गठ्ठाच परत पाठवतो. एका पिशवीत खरकट्याची आमटी सांडली की त्यातला सगळा कागद गेला. म्हणून आम्ही आजही ग्राहकाला समजावतो की ओला-सुका वेगळा करणं म्हणजे पाणी वेगळं करणं. डबा हिरवा की निळा हा नंतरचा प्रश्न.

दुधाची पिशवी हे त्याचं जवळचं उदाहरण. कोपरा कापताना तुकडा पूर्ण तोडायचा नाही, पिशवीला लोंबता ठेवायचा; नखाएवढा सुटा तुकडा वर्गवारीत कुणाच्याच हाती लागत नाही. मग पिशवी विसळून उलटी टांगायची आणि वाळली की डब्यात टाकायची. न धुतलेल्या पिशव्यांचा गठ्ठा दोन दिवसांत इतका आंबतो की तो उघडायलाही कुणी धजत नाही, आणि हे काम ज्या हातांना करावं लागतं ते कचरावेचक बायकांचे असतात. त्यांचा विचार करूनच डबा भरावा, असं आम्हाला मनापासून वाटतं.

कामाला वळण मिळालं ते २०१६ च्या घनकचरा व्यवस्थापन नियमांमुळे. ५,००० चौरस मीटरपेक्षा मोठी गृहसंकुलं आणि संस्था, तसंच हॉटेलं आणि उपाहारगृहं, यांनी ओला कचरा शक्यतो आपल्या आवारातच जिरवावा असं त्यात आलं. रोज सरासरी १०० किलोंहून जास्त कचरा करणाऱ्यांना मोठे कचरा-उत्पादक धरलं गेलं. परवाना नसलेल्या जागी शंभरहून अधिक माणसांचा कार्यक्रम असेल तर कचऱ्याचं वर्गीकरण करून तो सोपवायची जबाबदारी आयोजकावर आली आणि पालिकेला किमान तीन कामकाजाचे दिवस आधी कळवणं भाग झालं. सोसायट्या खताचे खड्डे विचारू लागल्या आणि आम्ही ओल्या कचऱ्यात उतरलो.

शंभर घरांच्या सोसायटीचा हिशोब असा बसतो. घरटी साधारण अर्धा किलो धरला तर रोज ५० किलो ओला कचरा. त्यासाठी एक घनमीटरचे, चारही बाजूंनी जाळीचे सहा हौद लागतात. कचरा बसत जातो म्हणून एक हौद भरायला आठवडा लागतो. सहावा भरेपर्यंत पहिल्याला पाच आठवड्यांची विश्रांती मिळालेली असते आणि तो उपसता येतो. तळाला विटांचे तुकडे आणि काटक्यांचा थर, त्याखाली निचऱ्याचा उतार, वर छप्पर. छपराशिवायचा हौद पहिल्या पावसातच नासतो.

खरं गणित मात्र कोरड्या मालाचं आहे. स्वयंपाकघरातल्या ओल्या कचऱ्यात सुमारे ७५ ते ८० टक्के पाणी असतं, आणि खत नीट व्हायला ढिगात ५० ते ६० टक्के ओलावा हवा. म्हणून कचऱ्यात कोरडा माल मिसळायचा: भुसा असेल तर मापाला माप, बारीक केलेला पालापाचोळा असेल तर एका बादलीला दोन बादल्या. भुसा साध्या लाकडाचाच घ्यायचा. प्लायवूड किंवा एमडीएफचा (लाकडाचा चुरा दाबून केलेल्या फळ्यांचा) नको, त्यात रेझिन म्हणजे रासायनिक गोंद असतो. मिश्रण मुठीत घट्ट दाबावं: एखाददुसरा थेंब आला तर ठीक, धार लागली तर अजून पाला घाला, मूठ उघडताच गोळा भुसभुशीत होऊन सुटला तर पाणी शिंपडा. पहिल्या आठवड्यात ढीग ५५ ते ६५ अंशांपर्यंत तापतो. तापला नाही तर एकतर तो फार ओला आहे, नाहीतर फार लहान.

बिघाड नाकाने ओळखता येतो. सडक्या अंड्याचा वास म्हणजे हवा कोंडली आहे. ढीग उलटा करून पाला घाला. डोळ्यांना झोंबणारा अमोनियाचा वास म्हणजे नत्र जास्त. तिथेही कोरडा मालच. जाड तपकिरी-काळपट अळ्या दिसल्या की सेक्रेटरींचा फोन येतो, पण त्या बहुधा सैनिक माशीच्या असतात, निरुपद्रवी, आणि कचरा झपाट्याने खातात. वरचा थर नेहमी पाल्याने झाकला तर त्या नजरेला पडत नाहीत आणि घरमाश्याही बसत नाहीत. शहाळी आणि करवंट्या हौदात टाकू नयेत, पाच आठवड्यांत त्यांना काहीच होत नाही. निर्माल्यातला दोरा आणि प्लास्टिकची फुलं आधी काढावी लागतात. ‘कंपोस्टेबल’ पिशव्याही सोसायटीच्या हौदात वेळेत कुजत नाहीत.

चोवीस तासांत खत देणाऱ्या विजेच्या यंत्रांबद्दल आमचं मत ठाम आहे. यंत्र कचरा वाळवतं आणि भरडतं. कुजण्याची प्रक्रिया एका दिवसात उरकत नाही. ती भुकटी पुन्हा ओली झाली की वास मारते आणि मुळांना इजा करते. कुठलंही खत खरंच तयार झालंय का हे पाहायला ते ओलसर करून पिशवीत दोन दिवस बांधून ठेवा. उघडल्यावर मातीचा वास आला तरच ते कुंडीत घाला.

हॉटेलांच्या कामात पाणी आणखी वाढतं, जोडीला तेल येतं. भांडी घासायच्या जागेजवळ जाळीची टोपली ठेवून खरकटं आधी निथळावं. तळणीचं तेल त्यात अजिबात नको, ते कणांना लपेटून हवा अडवतं. त्यातल्या ध्रुवीय संयुगांचं (तेल पुन्हा पुन्हा तापवल्यावर तयार होणाऱ्या घटकांचं) प्रमाण २५ टक्क्यांवर गेलं की ते खाण्यालाही चालत नाही. वेगळ्या डब्यात साठवून अधिकृत संकलकालाच द्यावं.

२०२६ च्या नव्या नियमांत वर्ग चार झाले: ओला, सुका, सॅनिटरी आणि विशेष काळजीचा. म्हणून आम्ही प्रत्येक जिन्याखाली आणखी दोन छोटे झाकणाचे डबे बसवतो. पॅड आणि डायपर कागदात गुंडाळून, वर लाल खूण करून एकात. रंगाचे डबे, मुदत संपलेली औषधं, ट्यूबलाइट आणि पाऱ्याचे थर्मामीटर दुसऱ्यात. मोबाइलच्या बॅटरीला दोन्ही टोकांवर चिकटपट्टी लावून ती सुपरवायझरच्या हातातच द्यायची. गाडीच्या कॉम्पॅक्टरमध्ये दाबली गेलेली लिथियम बॅटरी पेट घेते.