सोल्यांच्या आमटीत बेसन नसतं

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते: नाही, सोल्यांच्या, म्हणजे तुरीच्या ओल्या दाण्यांच्या आमटीत बेसन नसतं. नारळाचं दूध नसतं, काजू नसतात, शेंगदाण्याचं कूटही नसतं. हिवाळ्यात आमच्याकडे जेवून गेलेला माणूस मुंबईला किंवा पुण्याला पोचला की आठवडाभरात त्याच्या घरून फोन येतोच. "ती तुरीच्या दाण्यांची आमटी एवढी दाट कशी होते हो? आम्ही केली तर दाणे खाली आणि पाणी वर." दरवर्षी फोनवर तेच ते सांगण्यापेक्षा या वेळी लिहूनच काढलं.

असे जेवून जाणारे आमच्याकडे बरेच. १९५३ च्या नागपूर करारात विधिमंडळाचं एक अधिवेशन दरवर्षी नागपुरात घ्यायचं ठरलं, त्यामुळे डिसेंबर आला की मुंबईहून फायलींबरोबर माणसंही येतात. माझ्या नणदेचे यजमान त्यातलेच. शहरात मोर्चे, बंदोबस्त, अर्धे रस्ते बंद, आणि नेमक्या त्याच दिवसांत बाजारात तुरीच्या शेंगांचे ढीग. बाकीच्यांना संत्री आणि सावजी, भाऊजींना सोल्यांची आमटी, असा आमच्या घरचा अधिवेशनाचा कार्यक्रम असतो.

सावजीवरून आठवलं. नागपूरचं म्हटलं की ते जहाल असणार, लाल तर्री असणार, खाताना नाकातून पाणी येणार, अशी बाहेरच्यांची खात्रीच असते. ते जेवण आहेच, हलबा कोष्टी विणकरांच्या घरातून खानावळींत गेलेलं, आणि आम्हीही आवडीने खातो. पण ही आमटी त्या घराण्यातली नाही. ती हिरवी असते, लसणाची असते, तिखट बेताचं असतं, आणि खानावळीत ती सहसा मिळत नाही. कारण साधं आहे. सोलायला कोण बसणार? किलोभर शेंगांतून जेमतेम अर्धा किलो दाणे निघाले तरी खूप झालं. शंभर माणसांच्या आमटीचा हिशोब मांडला की कुठलाही मालक बेसनाकडेच वळेल.

सोले म्हणजे तुरीचे ओले दाणे. तूर आमच्याकडे कपाशीच्या नाहीतर सोयाबीनच्या ओळींमधून पेरतात. मृगाच्या पावसावर जमिनीत गेलेलं बी नोव्हेंबरच्या शेवटाला शेंगा धरतं, आणि जानेवारी-फेब्रुवारीत झाड वाळून कापणीला येतं. मधले सहा-सात आठवडे काय ते सोल्यांचे. संक्रांतीपर्यंत दाणा गोड असतो. त्यानंतर तो जून होत जातो, साल चिवट होते आणि आमटी रवाळ लागायला लागते.

शेंगा घेताना लोक एक गोष्ट उलटी करतात. जांभळट-तपकिरी पट्टे असलेल्या शेंगा बाजूला सारतात आणि एकरंगी हिरव्यागार वेचतात. ते पट्टे तुरीच्या जातीचे असतात, खराबीचे नव्हेत. पाहायचं ते वेगळंच: शेंग भरलेली हवी, दाण्यांचे उंचवटे बाहेरून बोटाला लागले पाहिजेत, पण साल पिवळी पडून सुरकुतलेली नको. गोल भोक दिसलं तर आतली अळी जेवून उठलेली आहे, ती शेंग सोडा. शेंगमाशीची अळी मात्र लबाड. ती आतच वाढते, बाहेर काही खूण नसते. म्हणून दाणा हातात आला की एक नजर टाकायचीच. शेंग टोकाशी दाबली की फट् करून उघडते, आत चार-पाच दाणे ओळीने चिकटलेले असतात, त्यातला एखादा अर्धवट कुरतडलेला आणि तपकिरी भुशाने भरलेला. तो तेवढा टाकायचा, बाकीचे घ्यायचे. ढीगभर शेंगा सोलून झाल्या की अंगठ्याचं नख काळपट होतं आणि ते दोन दिवस तसंच राहतं. डिसेंबरात कॉटन मार्केटला नाहीतर गोकुळपेठेत भाजीवालीच्या बोटांकडे पाहा, कळेल. सोललेले दाणे तयारही मिळतात, महाग पडतात. वाट्यात पाण्याचा थर दिसला तर मी घेत नाही. भिजून फुगलेला दाणा वजनाला चांगला, भाजायला वाईट.

आता मुद्द्याचं. तुमची आमटी पाणचट होते याचं कारण तुम्ही दाणे आधी उकडता. कुकरला दोन शिट्या काढता आणि मग फोडणीत सोडता. असा दाणा मऊ होतो खरा, पण त्याचं पीठ सालीच्या आतच बंद राहतं, पाण्यात येत नाही. मग पाणी दाट करायला बेसन शोधावं लागतं. काही जण याच्या उलट करतात, कच्चेच दाणे मिक्सरमधून काढतात. आमटी दाट होते, पण तिला एक गवतासारखा कच्चट वास राहतो आणि तो मारायला मग गरम मसाला पडतो. माझ्या सासूबाई वर्ध्याकडच्या. त्यांचं एकच वाक्य असायचं: "दाण्याले पहिले विस्तव दाखव, मंग पाणी."

यामागचं शास्त्र मी नंतर वाचलं. कडधान्यांत लायपॉक्सिजनेज नावाचं एक एन्झाइम असतं. कच्चा दाणा चिरडला की त्यातला स्निग्धांश, हवा आणि हे एन्झाइम यांची गाठ पडते आणि बघता बघता तो वास तयार होतो. घरी केलेल्या सोयाबीनच्या दुधाला येतो तोच. एकदा झालेला वास नुसत्या उकळण्याने पुरता जात नाही. पण दाणा चिरडण्याआधीच चांगला तापला तर एन्झाइम निकामी होतं आणि वास धरतच नाही. सासूबाईंना यातला एकही शब्द सांगितला असता तर त्यांनी "बरं" म्हणून कढई चढवली असती.

तर कढई चढवा, लोखंडी असेल तर उत्तम. चार माणसांना दोन वाट्या दाणे. अर्धा चमचा तेल, मध्यम आच, आणि दाणे हलवत राहायचं. दोन-तीन मिनिटांत ते तडतडतात, एखादा उडून अंगावरही येतो, म्हणून एका हातात झाकण असू द्या. आधी त्यांचा रंग अधिक गडद हिरवा होतो, मग सालीवर तपकिरी ठिपके पडतात, आणि हुरड्याच्या शेकोटीजवळ येतो तसा भाजका, गोडसर वास सुटतो. ठिपके सगळ्या दाण्यांवर आले की उतरवा. सहा-सात मिनिटं लागतात, पण घड्याळापेक्षा नाकावर भरवसा ठेवा. काळे पडू देऊ नका, करपट चव पुढे कशानेच झाकत नाही.

मूठभर दाणे अख्खे बाजूला काढायचे. बाकीचे थंड झाले की आठ-दहा लसूण पाकळ्या, चार-पाच हिरव्या मिरच्या, पेरभर आलं आणि चमचाभर जिरं घालून वाटायचे. पाण्याचा थेंब नको. पाटा असेल तर प्रश्नच नाही. मिक्सर असेल तर थांबत थांबत फिरवा. भरड राहिलं पाहिजे, चटणीपेक्षा जाड. गुळगुळीत वाटलं तर आमटी खिरीसारखी एकजीव होते आणि खाताना काही दाताखाली येत नाही.

यानंतरची दहा मिनिटं कुणालाच द्यायची नसतात, आणि सगळी आमटी तिथेच आहे. कढईत तीन-चार चमचे तेल, मोहरी, हिंग, हळद, आणि मग हे वाटण. ते आधी सगळं तेल पिऊन टाकतं. घाबरून वरून तेल ओतू नका. मंद आचेवर परतत राहा. वाटण खाली धरतं, सराट्याने ते खरवडून परत वर घ्यायचं; ती खरपुडी वाया घालवायची नाही, चव तिच्यात असते. हळूहळू गोळा सुटा होतो, रंग पोपटीवरून खाकीकडे झुकतो आणि कडेला तेल दिसायला लागतं. तेव्हा पाणी. शेजारच्या शेगडीवर उकळत ठेवलेलंच हवं. नळाचं गार पाणी ओतलं की परतून मिळवलेली सगळी ऊब एका क्षणात जाते आणि वाटणाच्या गुठळ्या होतात. आधी वाटीभर घालून गुठळ्या मोडा, मग बाकीचं, एकूण पाच ते सहा वाट्या. अख्खे ठेवलेले दाणे आणि मीठ आताच घाला. उकळी आली की पीठ फुगतं आणि तुमच्या डोळ्यांदेखत आमटी दाटायला लागते. पंधरा-वीस मिनिटं बारीक आचेवर, झाकण अर्धवट. पूर्ण झाकून ठेवली तर हिरवा रंग लवकर काळपटतो.

आंबट घालायचं असेल तर अख्खा दाणा बोटाने दाबून पाहा आणि तो मऊ झाल्यावरच घाला. टोमॅटो असो की चिंच, आंबटपणा लवकर पडला तर दाण्याची साल कडकच राहते, मग कितीही उकळा. मी स्वतः काहीच आंबट घालत नाही, ताटात लिंबाची फोड देते. गुळाचं पुणेकर हमखास विचारतात. दाणा कोवळा असेल तर त्याची गोडी पुरते, आणि जून असेल तर गूळ घालूनही तो जूनच लागतो. सांबार, म्हणजे कोथिंबीर, गॅस बंद केल्यावर आणि सढळ हाताने.

कांदा घालावा की नाही यावर आमच्याच घरात दोन पक्ष आहेत. मी न घालणाऱ्यांतली. परतलेला कांदा गोड असतो, सोलेही गोड, मग लसूण मागे पडतो. दीर म्हणतात कांद्याशिवाय आमटी विधवा दिसते. त्यांना मी वरून कच्चा कांदा चिरून देते आणि विषय संपवते.

काळ्या मसाल्याचीही करतात. खोबरं, धने, खसखस, दगडफूल आणि मसाला वेलची भाजून त्या वाटणात घालायचं, आणि मिरची सुकी लाल घ्यायची, आमच्या जिल्ह्यातल्या भिवापूरची असेल तर फारच छान. चांगली लागते. पण मला विचाराल तर ती सोले जून झाल्यावर, जानेवारीच्या शेवटाला करायची आमटी. कोवळ्या दाण्यावर एवढा मसाला घालायचा म्हणजे शेंगा सोलण्याचे कष्ट पाण्यात.

खायला ज्वारीची भाकरी, आणि शेवटी भात हवाच. आमच्याकडे भात एचएमटीचा. ही जात नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागडे यांनी आपल्या शेतातल्या वेगळ्या दिसलेल्या लोंब्या निवडून तयार केली आणि तेव्हा मिरवल्या जाणाऱ्या घड्याळाचं नाव तिला मिळालं. तो बारीक, मोकळा भात या दाट आमटीला बरोबर सांभाळून घेतो. उरलेली आमटी सकाळपर्यंत इतकी आळते की पळीला धरते. ती गरम करताना पुन्हा उकळतं पाणीच घाला आणि मीठ चाखा.

राहिला प्रश्न तुमच्या गावी सोले मिळण्याचा. मुंबईत मिळतात. गुजराती वस्तीतल्या भाजीवाल्याकडे तुवेरचे लिलवा मागा, ते हेच दाणे. त्यांच्या कचोरीत आणि उंधियूत जातात. बर्फातली पाकिटंही येतात. ती घेतलीत तर दाणे आधी पूर्ण सुटू द्या, फडक्यावर पसरून कोरडे करा, नाहीतर कढईत भाजण्याऐवजी वाफवले जातील. स्वतः साठवायचे असतील तर उकळत्या पाण्यात दोन मिनिटं, लगेच गार पाण्यात, निथळून, पुसून, पिशवीत आणि फ्रीझरमध्ये. नुसते कच्चे कोंबलेत तर काही महिन्यांनी त्यांना तोच कच्चट वास येईल. आणि वाळलेली अख्खी तूर रात्रभर भिजवून, उकडून, निथळून, मग भाजून केली तरी आमटी होते. रंग मातकट येतो, पोट भरतं, भाकरीशी छान जाते. फक्त तिला सोल्यांची आमटी म्हणून भाऊजींपुढे ठेवू नका.