आमची वाटचाल: पोटाची कामं आणि स्वतःची फिल्म

पुण्यात माहितीपट करणारी आमची छोटी संस्था आहे. घर चालतं ते दूध संघ, पतसंस्था, शाळांचे सुवर्णमहोत्सव आणि कारखान्यांच्या सुरक्षा-फिल्म्सवर. त्यातून जे शिल्लक पडतं ते स्वतःच्या माहितीपटांत जातं. हे दोन्ही एका छपराखाली कसं चालतं, असं नवे ग्राहक विचारतात. त्यासाठी आन्येस वार्दांबद्दल सांगावं लागतं. धंदा कसा करायचा हे आम्ही फ्रान्सच्या या दिग्दर्शिकेकडे बघून ठरवलं.

वार्दाबाई मूळच्या फोटोग्राफर, झाँ व्हिलार यांच्या नाट्यसंस्थेत. फिल्म स्कूल नाही, कुणाकडे सहायकी नाही. १९५४ साली त्यांनी सेत या बंदराच्या गावी, युद्धकाळात जिथे त्या वाढल्या तिथल्या कोळीवाड्यात, ‘ला प्वांत कूर्त’ केला. पटकथाही त्यांचीच. त्यासाठी ‘तामारिस फिल्म’ ही स्वतःची कंपनी काढली. नट आणि तंत्रज्ञ सहकारी तत्त्वावर आले: मेहनताना आत्ता नाही, चित्रपट कमावेल तेव्हा. संकलन केलं पुढे दिग्दर्शक म्हणून गाजलेल्या अलँ रेने यांनी. पुढे फ्रान्समध्ये नव्या चित्रपटांची जी लाट आली, तिची सुरुवात आज अनेक अभ्यासक याच चित्रपटापासून धरतात. पण तेव्हा त्याला रीतसर वितरण मिळालं नाही, आणि पुढचा मोठा चित्रपट, ‘क्लेओ’, यायला १९६२ उजाडलं.

मधली वर्षं आमच्यासारख्यांनी नीट बघावीत अशी आहेत. वार्दाबाईंनी फ्रान्सच्या पर्यटन कार्यालयासाठी फिल्म्स केल्या, एक ल्वार नदीकाठच्या किल्ल्यांवर आणि एक रिव्हिएरावर, म्हणजे दक्षिणेच्या समुद्रकिनाऱ्यावर. सरळ सरळ ऑर्डरची कामं. पण ती बघताना हात आखडता घेतल्यासारखं कुठेही वाटत नाही. त्याच सुमाराला, १९५८ साली, पोटात लेक असताना त्यांनी पॅरिसच्या मूफ्तार रस्त्यावरच्या बाजारात स्वतःची एक छोटी फिल्म करून घेतली. पतसंस्थेच्या कामावर आमच्याकडे कुणी नाक मुरडलं, तर मी त्याला या तीन फिल्म्स ओळीने दाखवतो.

मला सगळ्यात जवळचा त्यांचा ‘दागेरेओतिप’. सत्तरच्या दशकाच्या मध्याला त्यांचा मुलगा लहान होता, घर सोडून लांब जाता येत नव्हतं. मग शूटिंगची वीज घरातूनच घ्यायची आणि केबल पोचेल तिथवरच जायचं, असं ठरलं. म्हणून हा माहितीपट त्यांच्या दागेर रस्त्यावरचा: पाववाला, खाटीक, शिंपी. कोपऱ्यावर अत्तरं आणि बटणं विकणारं एक म्हातारं जोडपं आहे. मालकिणीला आताशा फारसं उमजत नाही. दिवेलागणीला तिला बाहेर जायची हुरहूर लागते, ती दाराशी येते आणि तिथेच घुटमळते. कॅमेरा तिला घाई करत नाही. दुकानदारांच्या मुलाखती घ्यायला नवा माणूस आला की त्याला आम्ही आधी हे दृश्य बघायला बसवतो.

वार्दाबाईंनी आपल्या चित्रपटांचे हक्क शक्य तितके आपल्या हाती ठेवले. कंपनी पुढे ‘सिने-तामारिस’ झाली आणि कारभार त्याच रस्त्यावरून चालला. १९८५ साली व्हेनिस चित्रपट महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार, सुवर्णसिंह, मिळाला. २००० साली हातात मावणारा डिजिटल कॅमेरा घेऊन, शेतात सरवा वेचणाऱ्या आणि बाजारात टाकून दिलेलं उचलणाऱ्या माणसांवर त्यांनी माहितीपट केला. तेव्हा त्या सत्तरी ओलांडलेल्या होत्या. १९९० साली पती झाक देमी गेले, त्यांच्याही चित्रपटांची डागडुजी याच कंपनीने केली. २०१७ साली मानद ऑस्कर मिळालं. २०१९ साली बाई गेल्या. पण कंपनी आहे, आणि लेक रोझाली तो वारसा सांभाळते.

आमच्या करारातलं हक्कांचं कलम यातूनच आलं. ग्राहकाने पैसे देऊन करून घेतलेली फिल्म ग्राहकाची, रशेससकट, म्हणजे सगळ्या कच्च्या चित्रणासकट. आमच्या खर्चाने केलेली आमची. ऊसतोड कामगारांवरचा आमचा माहितीपट एका वाहिनीला हवा होता, रक्कमही चांगली होती, पण करारात सर्व हक्क कायमस्वरूपी लिहून मागितले होते. आम्ही नकार दिला. तो माहितीपट आज महाविद्यालयं आणि कामगार संघटना आमच्याकडून भाड्याने नेतात. त्या भाड्यातून पुढच्या माहितीपटाचं ध्वनिमिश्रण होतंय. तो तयार झाला की पहिला खेळ ज्यांच्यावर केलाय त्यांच्या गावात, आणि मग पुण्यात.