तुम्ही विचारलंत म्हणून: काँगमध्ये बघण्यासारखं काय आहे?

"अगं, डब्लिन सोडून तिकडे कुठे जाऊन राहिलीस? आहे काय तिथे बघायला?" मामेबहिणीने विचारलं, सासूबाईंनी विचारलं, डब्लिनच्या गणपतीत भेटणारे दरवर्षी विचारतात. कॅसलचे फोटो पाठवले की तेवढ्यापुरतं समाधान होतं. मग पुन्हा, "आणि कॅसल सोडून?" सात वर्षं मी हसून विषय बदलत आले. आज नीट उत्तर देते.

आयर्लंडच्या मेयो काउंटीत, लॉख कॉरिब आणि लॉख मास्क या दोन मोठ्या तळ्यांमधल्या चिंचोळ्या पट्टीवर काँग वसलंय. आयरिशमध्ये नावाचा अर्थच तो. अॅशफर्ड कॅसल गावाला लागून आहे. 1852 मध्ये गिनेस घराण्याने तो घेतला, 1939 पासून तिथे हॉटेल चालतं. 1951 साली एका हॉलिवूड चित्रपटाचं चित्रीकरण गावात झालं, त्यातल्या नायक-नायिकेचा पुतळा आहे, पर्यटक तिथे फोटो काढतात. हे तुम्हाला माहीत आहे.

पण मठाच्या पडक्या कमानींखाली कधी उभं राहून बघा. आयर्लंडचा शेवटचा महाराजा रॉरी ओ'कॉनर राज्य सोडून या मठात येऊन राहिला आणि 1198 मध्ये इथेच वारला. मठामागे नदीतल्या चौथऱ्यावर एक छोटी दगडी खोली आहे, तिच्या जमिनीला भोक आहे. मठातले साधू त्यातून मासे धरायचे आणि मासा लागला की दोरीने स्वयंपाकघरातली घंटा वाजायची, असं गावात सांगतात. रात्रपाळी संपवून आल्यावर त्या भोकातून वाहतं पाणी बघत मी कितीतरी सकाळी काढल्यात. 1123 मध्ये घडवलेला क्रॉस ऑफ काँग तर डब्लिनच्या राष्ट्रीय संग्रहालयातच आहे. मला हा प्रश्न विचारणाऱ्या डब्लिनकरांपैकी किती जणांनी तो पाहिलाय?

टिळकांच्या चतुःसूत्रीतला बहिष्कार आपण शाळेत पाठ केला. इंग्रजीत त्याला जो शब्द आहे तो इथून गाडीने पंधरा मिनिटांवर जन्मला. लॉख मास्कच्या काठी कॅप्टन बॉयकॉट हा जमीनदाराचा कारभारी राहायचा. 1880 मध्ये कुळांनी खंड कमी करून मागितला, त्याने जमिनीवरून हुसकावण्याच्या नोटिसा काढल्या. त्यावर मजुरांनी त्याचं शेत सोडलं, दुकानदारांनी माल देणं बंद केलं. शेवटी उत्तरेकडून पन्नासेक मजूर आणावे लागले आणि त्यांच्या राखणीला हजारभर सैनिक. पीक निघालं, पण तो स्वतः इथे टिकला नाही. असं गाव आहे हे. "खेडं" म्हणताना जरा जपून म्हणा.

इथली एक गोष्ट मात्र मीच कुणाला दाखवत नव्हते. गावाबाहेर कोरडा कालवा आहे. दोन तळी जोडून त्यातून बोटी न्यायच्या म्हणून 1848 मध्ये, दुष्काळाच्या दिवसांत, तो खणायला घेतला. बटाट्याचं पीक सडून देशात लाखो माणसं मेली होती, जगली त्यांना काम हवं होतं. मैलोन् मैल खणलं, बोटी वर-खाली न्यायला घडीव दगडांची लॉकं, म्हणजे दारं लावलेली पाण्याची कुंडं, बांधली. खालचा खडक चुनखडीचा, भेगाभेगांचा. त्यात पाणी ठरेना. 1854 मध्ये काम सोडून दिलं. वरच्या तळ्याचं पाणी आजही जमिनीखालून येतं आणि गावात उसळून वर निघतं. कालव्यात गवत वाढतं.

दोन वर्षांपूर्वी मे महिन्यात आई-बाबा आले होते. बाबा माण तालुक्यातले. दुष्काळी भागातल्या माणसाला इतक्या लांब आणून कोरडा चर काय दाखवायचा, असं माझ्या मनात होतं. कॅसलमध्ये दीड वाजता जेवणाचं बुकिंग होतं. हातात थोडा वेळ होता म्हणून त्या वाटेने नेलं, इतकंच.

बाबा थांबले. "हे कुणी केलं?" मी सांगितलं. त्यांनी चप्पल काढली आणि काठाला धरून खाली उतरले. लॉकच्या भिंतीतल्या एका दगडावर छिन्नीचे घाव अजून स्पष्ट आहेत, एकाशेजारी एक, तिरपे. त्यावरून त्यांनी अंगठा फिरवला, ज्वारीचा दाणा बघतात तसा. "काम चांगलं हाय," म्हणाले. "पर ह्या दगडात पाणी थांबायचं न्हाई. आपला पाझर तलाव बघितलायस न्हवं? तसंच हाय ह्ये." मग दगडाकडेच बघत बोलायला लागले. "बहात्तरला मी तेरा वर्षांचा. आई नि मी खडी फोडायला जायचो. मुकादम ढीग मापायचा. एक दिवस माप कमी भरलं. आई म्हणली, तू सुकडी घिऊन घरी जा, मी येते. मी गेलो न्हाई. बाभळीमागं थांबलो. अंधार पडला तवा..."

मी घड्याळ बघितलं. म्हणाले, "बाबा, चला, बुकिंग आहे."

"व्हय, चल," म्हणाले, आणि वर आले.

जेवताना ते खिडकीबाहेरचं तळं बघत होते. त्यानंतर दोनदा विचारलं, एकदा इथेच, एकदा फोनवर. "जाऊ दे, जुनं झालं." अंधार पडला तेव्हा काय झालं, मला माहीत नाही. आजी ढीग पुरा करत बसली असेल, असं मी मनाला सांगते.

नवीन आले तेव्हा मी हा कालवा म्हणजे साहेबाचा निव्वळ मूर्खपणा म्हणायचे. तेही तितकंसं खरं नाही. तोवर रेल्वे येऊ लागली होती, पैसा संपत आला होता. दोष एकट्या खडकाचा नव्हता. पुढे मी म्हणू लागले की पाणी नसेना का, लोकांना मजुरी तर मिळाली. आता तेही सरळ म्हणवत नाही. उपाशी माणसाकडून आधी दगड मोजून घ्यायचा आणि मग खायला द्यायचं, याला मदत म्हणायचं का? आणि ते काम नसतं तर आजी आणि बाबा जगले असते का? आमच्या पाझर तलावाखालच्या विहिरींना अजून पाणी लागतं. ते तिने वाहिलेल्या मातीचंच आहे. यातलं एक धरलं की दुसरं निसटतं.

तर बघण्यासारखं काय, याचं माझं उत्तर तो दगड. तुम्ही आलात की दाखवीन, आणि त्या दिवशी कुठलंही बुकिंग करणार नाही.

बाबा फोनवर अजून विचारतात, "त्या कॅनॉलात पाणी आलं का गं?"

"हिवाळ्यात येतं थोडं."

"टिकतंय का?"

"नाही, बाबा."