दूध आटायच्या आत

गेल्या फेब्रुवारीत, मखमलाबादकडे द्राक्षांची खुडणी ऐन भरात असताना, एक शेतकरी आपल्या लेकीला घेऊन नाशिकला सीबीएसच्या कोर्टात माझ्या वकिलीच्या टेबलाशी आला. लेक तेवीस-चोवीसची, पदर छातीशी गच्च धरून बसलेली. आधी वाटलं, थंडी वाजतेय. मग ब्लाउजवरचा ओला डाग दिसला. अकरा महिन्यांचं, अंगावर पिणारं बाळ तीन दिवसांपूर्वी नवऱ्यानं उचलून नेलं होतं. जळगावकडे नणंदेच्या घरी, एवढंच कळलं होतं. फोन बंद.

"मॅडम, ते हेबियस कॉर्पस टाका ना," वडील म्हणाले.

हे शब्द घेऊन माझ्याकडे बरेच जण येतात आणि बहुतेकांना मी नाही म्हणते. हेबियस कॉर्पस, मराठीत देहोपस्थितीची रिट, म्हणजे 'या माणसाला आमच्यासमोर आणा आणि कोणत्या अधिकारानं अडकवून ठेवलंय ते सांगा' असा हायकोर्टाचा राज्यघटनेच्या कलम 226 खालचा हुकूम. सातपूरच्या एका कामगाराला भावासाठी तीच हवी होती. पण भावाला मॅजिस्ट्रेटनं रिमांड दिलेली. तिथे ही रिट चालत नाही, हे सुप्रीम कोर्टानं 2018 मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात सांगितलंय. त्याला जामिनाचा अर्ज हवा होता, तो केला.

या पोरीच्या बाबतीतही पर्याय होते. पालक व पाल्य अधिनियम, 1890 खाली ताब्याचा अर्ज. त्यातच कलम 12 खाली मूल हजर करण्याचा अंतरिम आदेश मागता येतो. शिवाय भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम 100, म्हणजे जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं 97. मॅजिस्ट्रेट झडतीचं वॉरंट काढून डांबलेल्या माणसाला सोडवून आणवतो. हायकोर्टाची पायरी न चढता होणारं हे काम आहे, आणि त्या कलमावर माझा फार जीव आहे. पण डांबणं गुन्हा ठरणारं हवं. मूल स्वतःच्या बापाजवळ असेल तर ते लागू होत नाही, असं सुप्रीम कोर्टानं 1998 मध्येच म्हटलंय.

राहिला ताब्याचा अर्ज. नोटीस निघणार, बेलिफ अर्धवट पत्त्यावर जाऊन परत येणार, मग वकीलपत्र, मग 'से', म्हणजे लेखी म्हणणं, देण्यासाठी मुदत. नवरा लपून बसलेला असताना यात पाच आठवडे सहज जातात. तोवर आईचं दूध आटतं.

मे 2019 च्या एका निकालात सुप्रीम कोर्टानं म्हटलंय की ही रिट असाधारण आहे. साधा उपाय उपलब्ध नसेल किंवा निष्प्रभ असेल, तेव्हाच ती द्यायची. त्या प्रकरणात आई कॅन्सरनं गेलेली, मूल मावशीकडे, आणि बापाला ताबा रिटमधूनच मिळाला. आपले वकील 'उपलब्ध नसेल'पाशीच थांबतात. 'निष्प्रभ' हा शब्दही तिथेच आहे, आणि मला तोच महत्त्वाचा वाटतो. उपाय पुस्तकात असून भागत नाही, तो बाळाच्या वेळेत पोचला पाहिजे.

रात्री याचिका लिहिली. पर्यायी उपायाचा परिच्छेद चार वेळा खोडला. शेवटी त्यात निवाडे थोडे आणि दिवसांचा हिशेब जास्त आला. सोबत हिंदू अज्ञानत्व व पालकत्व अधिनियम, 1956 चं कलम 6: पाच वर्षांखालच्या मुलाचा ताबा साधारणपणे आईकडे. दुसऱ्या दिवशी मुंबईच्या हायकोर्टात जायला नाशिकरोडहून सकाळची पंचवटी एक्सप्रेस धरली. कल्याण यायच्या आत पोरगी दोनदा संडासात जाऊन दूध पिळून आली. परत येऊन बसली की खिडकीकडे तोंड करायची.

समोरून पहिला मुद्दा तोच आला, पर्यायी उपाय आहे. मी खंडपीठासमोर दिवसांचा हिशेब वाचला. पोलिसांना बाळ हजर करण्याचा आदेश झाला आणि नेल्यापासून नवव्या दिवशी ते कोर्टात आलं. अंतिम ताबा नाशिकला ठरेल, तोवर बाळ आईकडे, एवढंच लिहून न्यायमूर्तींनी याचिका निकाली काढली. तेच बरोबर होतं.

बाहेरच्या व्हरांड्यात बाळानं आधी आईला ओळखलंच नाही, रडून लाल झालं. ती खांबाआड बसली, पदर ओढून घेतला. बऱ्याच वेळानं रडणं थांबलं. वडील जिन्याकडे तोंड करून उभे होते, मी पण.

ताब्याचा अर्ज नाशिकला चालू आहे. परवा तिची उलटतपासणी झाली. पोरगा आता पळतो, माझ्या टेबलावरचे शिक्के हवे असतात त्याला.