दहा मिनिटं नुसतं तळं

“दहा मिनिटं पडद्यावर नुसतं तळं! कंटाळा नाही येत तुम्हाला?” जेम्स बेनिंग या अमेरिकन प्रयोगशील दिग्दर्शकाचं नाव मी काढलं की कुणीतरी हे विचारतंच. तुम्हीही विचारलंत, म्हणून सांगते.

येतो की कंटाळा. ‘१३ लेक्स’ (२००४) मध्ये अमेरिकेतली तेरा तळी आहेत. प्रत्येकाच्या वाट्याला एकच शॉट, दहा मिनिटांचा. कॅमेरा हलत नाही. निवेदन नाही, पार्श्वसंगीत नाही. फ्रेमच्या खालच्या अर्ध्यात पाणी, वरच्या अर्ध्यात आकाश. दोन-तीन मिनिटांत वाटतं, झालं बघून. मन कुठेतरी भटकायला जातं, आणि परत येतं तेव्हा उजेड बदललेला असतो. कधी बदलला ते आपण पाहिलेलंच नसतं. मग मघाचं तळं कसं होतं ते आठवायची धडपड सुरू होते. बेनिंगचं खरं काम इथे चालतं असं मला वाटतं. सुंदर निसर्ग टिपणारे पुष्कळ आहेत. हा माणूस प्रेक्षकाला आठवायला लावतो, तेही फ्लॅशबॅक न वापरता.

‘एल व्हॅली सेंट्रो’ (१९९९) बघितल्यावर माझी याबद्दल खात्रीच पटली. कॅलिफोर्नियाच्या मध्य खोऱ्यातले ३५ शॉट, प्रत्येक अडीच मिनिटांचा. हा अडीचचा आकडा उगाच आलेला नाही. १६ मिमी फिल्मचं शंभर फुटी रीळ पावणेतीन मिनिटांच्या आसपास संपतं, म्हणजे एका रिळात असा एक शॉट बसतो. पहिल्याच शॉटमध्ये जलाशयातलं एक प्रचंड गोल भोक पाणी गिळत असतं. पुढे शेतं, मालगाड्या, कापूस काढणारी यंत्रं. सगळं सपाट आणि ऐसपैस. जवळजवळ दीड तास आपण ‘केवढं मोकळं रान!’ म्हणत बघत राहतो.

आणि शेवटी यादी येते. कोणत्या शॉटमध्ये काय होतं, ते कुठे होतं, आणि मालक कोण. सातबाराच म्हणा ना! नावं वाचता वाचता एकेक शॉट परत डोळ्यांपुढे आणावा लागतो, आणि आता त्यातलं मोकळं रान मोकळं राहिलेलं नसतं. जमीन कुणाची, पाणी कुणाच्या पिकाला, हे प्रश्न आपणच त्या चित्रांत मागाहून घालतो. दिग्दर्शक एक शब्द बोललेला नसतो. ही यादी सुरुवातीलाच दिली असती तर फिल्म माहितीपट होऊन बसली असती.

मिलवॉकी हे बेनिंगचं जन्मगाव. तिथल्या कारखान्यांच्या भागात त्यानं १९७७ साली एकेक मिनिटाचे साठ शॉट घेऊन ‘वन वे बूगी वूगी’ केली. सत्तावीस वर्षांनी तेच शॉट त्याच जागी परत घेतले, जमलं तिथे त्याच माणसांना उभं करून. आवाज मात्र जुन्याच फिल्मचा ठेवला. दोन्ही लागोपाठ बघताना कान ७७ सालात असतात आणि डोळ्यांसमोर म्हातारी झालेली माणसं, पडलेल्या नाहीतर बदललेल्या इमारती. मला यात हळवेपणा फारसा दिसत नाही, आणि तेच बरं आहे.

‘कास्टिंग अ ग्लान्स’ (२००७) वर मात्र मित्रमंडळींत भांडण होतं. रॉबर्ट स्मिथसन या अमेरिकन कलावंतानं १९७० साली युटा राज्यातल्या ग्रेट सॉल्ट लेकमध्ये सुमारे १५०० फूट लांबीचं दगडमातीचं वेटोळं बांधलं. तळ्याचं पाणी चढलं की ते बुडतं, उतरलं की वर येतं. या वेटोळ्यावरच्या फिल्ममध्ये तारखा येतात १९७० पासूनच्या. चित्रीकरण सगळं २००५ ते २००७ मधलं. त्या त्या काळी पाणी किती होतं याच्याशी बेनिंगनं आपले शॉट जुळवले. एक मित्र याला सरळ फसवणूक म्हणतो. मला तसं वाटत नाही, कारण पाण्याची पातळी खरी आहे आणि तळ्याला तारखांशी देणंघेणं नाही. पण मित्राचा राग मला कळतो.

तेव्हा बघायचंच असेल तर तळ्यांपासून सुरुवात करू नका, खोऱ्यापासून करा. मोबाइलवर नको; अंधाऱ्या खोलीत, जमेल तेवढ्या मोठ्या पडद्यावर. मध्ये डुलकी लागली तरी चालेल, मलाही लागते. शेवटची यादी तेवढी चुकवू नका.